चंद्रभागेचे वाळवंट आणि शांतीचे गाणे

नदीचे गाणे म्हटले की मराठी कानाला दोन नद्या आठवतात. एक गदिमांची संथ वाहणारी कृष्णामाई, सुधीर फडक्यांच्या आवाजातली. काठावर कोण हसले, कोण रडले, याची दखल न घेता ती आपल्या चालीने पुढे जाते. दुसरी अभंगांतली चंद्रभागा. तिच्या काठी टाळ-मृदंगाचा कल्लोळ असतो, पायाखाली वाळू तुडवली जात असते आणि तरीही गाणारा तिथे विसावा मिळाला म्हणतो. दोन्हीकडे नदी शांतीची खूण आहे, पण शांती एकच नव्हे. पहिली तटस्थतेची आहे आणि विसाव्या शतकातल्या भावगीताला ती शोभते. दुसरी माणसामाणसांतली आहे, आणि तिला काही शतकांचा इतिहास आहे. पाणी स्वभावतःच शांत असते म्हणून संतांनी नदीला शांतीचे प्रतीक केले, अशी आपली ढोबळ समजूत असते. पुरावा मात्र सांगतो की अभंगांतल्या नदीला ही शांती काठावरच्या वागणुकीमुळे मिळाली. म्हणूनच ती वेळोवेळी मोडली, आणि मोडली हे दाखवूनही देता आले.

तत्त्वज्ञानापासून सुरुवात करू. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात शांत पुरुषाला उपमा दिली आहे ती समुद्राची. नद्या येऊन मिळत राहतात आणि समुद्र आपली मर्यादा सोडत नाही. ज्ञानेश्वर ही उपमा आणखी उलगडतात: पावसाळ्यात सगळ्या नद्या फुगून आल्या तरी सागर वाढत नाही, उन्हाळ्यात त्या आटल्या तरी तो उणा होत नाही. म्हणजे या चित्रात शांती समुद्राकडे आहे. नदी ही चढउताराची, विषयांच्या ओढीची बाजू आहे. नदीचा गौरव ज्ञानेश्वरीत दुसरीकडे येतो. सोळाव्या अध्यायात, दैवी संपत्तीच्या विवेचनात, गंगा पाप-ताप निववीत आणि तीरावरची झाडे पोसत समुद्राकडे जाते, असा दाखला आहे. इथे गंगा थोर ठरते ती वाटेत ज्यांच्याशी गाठ पडते त्यांचे काही भले करते म्हणून. ती संथ आहे की खळाळती, हा प्रश्नच निघत नाही. वारकरी परंपरेने नदीकडे पाहिले ते याच नजरेने.

पाण्यात शांती उपजत असती तर तीर्थांवर रक्त सांडले नसते. १७८९ च्या सिंहस्थात त्र्यंबकेश्वरी आधी स्नान कोणी करायचे यावरून शैव गोसावी आणि वैष्णव बैरागी यांच्यात लढाई जुंपली. एका ताम्रपटात मेलेल्यांचा आकडा बारा हजार दिला आहे. तो फुगवलेला धरला तरी संहार मोठा होता एवढे नक्की. पुढे शैव आखाड्यांचे स्नान त्र्यंबकच्या कुशावर्तावर आणि वैष्णवांचे नाशिकच्या रामकुंडावर अशी वाटणी रूढ झाली ती आजतागायत. नदी तीच, गोदावरी. तिचे माहात्म्य दोन्ही पक्षांना मान्य. आणि नेमके त्या माहात्म्यापायीच भांडण. जिथे स्नानाला मान आणि क्रम चिकटतो तिथे पवित्र पाणीही वादाचे कारण होते. भीमेच्या काठीही रक्त सांडले. इंद्रायणी आणि भीमा यांच्या संगमावरचे तुळापूर १६८९ मध्ये संभाजी महाराजांच्या क्रूर अखेरीशी कायमचे जोडले गेले. देहू-आळंदीहून आलेले पाणी इथे भीमेला मिळते आणि तेच पुढे पंढरपुरी चंद्रकोरीसारख्या वळणावर चंद्रभागा म्हणून ओळखले जाते. शिवाय आषाढीची वारी ऐन पावसाळ्यात. सह्याद्रीवर पाऊस कोसळला की भीमा गढूळ होऊन चढते आणि पात्रातले पुंडलिकाचे मंदिर पाण्याखाली जाते. अशा नदीकडे पाहून कोणाला निवांत वाटेल असे नाही.

मग शांती आली कुठून? पंढरपूरच्या भूगोलात याचे उत्तर सापडते. देऊळ गावात, उंचावर. तिथे दरवाजे, पायऱ्या, बडवे-उत्पात या पुजारी घराण्यांचे २०१४ पर्यंत चाललेले हक्क आणि एके काळी कोण कुठवर येणार याचे नियम. नदीचे वाळवंट मात्र मोकळे. तिथे स्नानाला आखाड्यांसारखा मानाचा क्रम नाही, कीर्तनाला उभे राहायला कोणाची परवानगी लागत नाही. तुकोबांनी एका प्रसिद्ध अभंगात वाळवंटावरच्या या खेळाचे वर्णन केले आहे. वर्णाचा अभिमान विसरून लोक एकमेकांच्या पायांवर लोटांगण घालतात, असे ते सांगतात. वारकऱ्यांत ही रीत अजून आहे. दोघे भेटले की वय, जात, मान न पाहता दोघेही एकाच वेळी वाकतात. समोरचा पायाला हात लावायच्या आत आपण लावावा अशी घाई असते, मग उराउरी भेट. वारीची सांगता पौर्णिमेला गोपाळपुरी काल्याने होते, तेव्हा लाह्या आणि दही एकमेकांच्या तोंडात भरवले जाते. ज्या समाजात शिवाशिवीने पाणीसुद्धा विटाळत असे, तिथे दुसऱ्याच्या हातचा घास तोंडात घेणे ही साधी गोष्ट नव्हती. अभंगांतल्या चंद्रभागेला शांतीचा अर्थ मिळाला तो या कृतींमुळे, आणि ज्याने ही रीत पाळली त्याला गाण्यातली नदी वेगळी समजावून सांगावी लागली नाही.

गोदाकाठच्या एकनाथांची चरित्रकथा हेच अधिक थेट सांगते. पैठणात स्नान करून परतणाऱ्या नाथांवर एक जण थुंकतो. नाथ पुन्हा नदीवर जातात, पुन्हा तेच घडते, असे एकशेआठ वेळा, आणि शेवटी थुंकणाराच वरमतो. दुसऱ्या कथेत तापलेल्या वाळूवर चुकलेले महाराचे पोर नाथ कडेवर घेऊन घरी पोचवतात. तिसरीत रामेश्वराला वाहायची काशीच्या गंगेची कावड तहानेने तडफडणाऱ्या गाढवाच्या तोंडी रिती करतात. या कथा इतिहास म्हणून तंतोतंत खऱ्या आहेत का, हा प्रश्न बाजूला ठेवता येतो, कारण लोकांनी त्या का जपल्या हे महत्त्वाचे. नाथांना शांतिब्रह्म म्हणणाऱ्या परंपरेने त्यांची शांती दाखवायला ध्यानाची गुहा निवडली नाही. घाट, वाळू आणि कावड निवडली. स्नानाने शुद्धी होते हे नाथ नाकारत नाहीत. पण समोरच्याचा अपमान गिळणे, त्याचे पोर उचलणे, त्याची तहान भागवणे यापुढे शुद्धी दुय्यम आहे, असा या कथांचा निवाडा आहे.

यावर पहिला आक्षेप असा की वाळवंटावरची समता ही कीर्तनकारांची अतिशयोक्ती आहे. त्याला आधारही आहे. इरावती कर्वे यांनी ‘वाटचाल’ या लेखात आपण ज्या दिंडीबरोबर चाललो तिच्यात ब्राह्मण आणि मराठा वारकऱ्यांच्या पंगती वेगळ्या बसत, हे नोंदवून त्याचा सल व्यक्त केला आहे. त्याहून कठोर पुरावा चोखोबांचा. देवळात पाऊल ठेवता न आलेला हा संत, बडव्यांनी आपल्याला मारले, अशी फिर्याद अभंगातच मांडतो. मंगळवेढ्याला कोसळलेल्या भिंतीखाली त्याचा अंत झाला आणि समाधी आली ती महाद्वारासमोर, म्हणजे बाहेरच. अठराव्या शतकात तर तेवढेही खुपले. समाधीजवळची वाट अरुंद, तिथे विटाळ होतो, अशी तक्रार झाली, तेव्हा महारांनी पूजा नदीपलीकडून करावी, असा पेशवे सरकारचा हुकूम निघाला. ज्या नदीचे गाणे सर्वांना एकत्र बोलावते, तीच नदी इथे सरकारी हुकुमाने कुंपण झाली. दुसरा आक्षेप डॉ. आंबेडकरांचा, आणि तो मुळावर येणारा आहे. संतांनी देवाच्या दृष्टीने सगळी माणसे समान आहेत एवढेच सांगितले, माणसामाणसांतल्या समतेसाठी जातिव्यवस्थेशी लढा दिला नाही, असे त्यांनी १९३६ च्या सुमारास गांधीजींना दिलेल्या उत्तरात बजावले. चार दिवसांची वाळवंटावरची गळाभेट उरलेल्या वर्षभराच्या अस्पृश्यतेला सुसह्य करते, असे या आक्षेपाच्या पुढे जाऊन म्हणता येईल.

हा आक्षेप अर्ध्याहून अधिक खरा आहे. गाण्याने देवळाचे दार उघडले नाही, हे कबूल करावेच लागते. पण गाण्याने काहीच केले नाही, हा निष्कर्ष त्यातून निघत नाही. तुकोबांच्या अभंगात कोणी देवाच्या पाया पडत नाही, माणसे माणसांच्या पाया पडतात. म्हणजे निदान शब्दांत तरी माणसामाणसांतली समता आलेली आहे. आणि चोखोबांची फिर्याद त्याच परंपरेच्या भजनात शतकानुशतके गायली गेली. ज्या समाजाने अन्याय केला त्यानेच अन्यायाची नोंद तोंडपाठ ठेवली. ही नोंद नंतर उपयोगी पडली. गाडगेबाबा पंढरीत देवळात जाण्याऐवजी वाळवंट झाडत राहिले, तिथेच कीर्तने केली आणि चोखामेळ्याच्या नावाने धर्मशाळा उभी केली. ती वास्तू त्यांनी पुढे आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीच्या हवाली केली. मे १९४७ मध्ये साने गुरुजींनी मंदिर सर्वांना खुले व्हावे म्हणून पंढरपुरात तनपुरे महाराजांच्या मठात उपोषण केले आणि दार उघडले. त्यांनी बाहेरून काही नवे मागितले नाही; वाळवंटावर जे गाता ते देवळात पाळा, एवढेच त्या मागणीचे सार होते. प्रत्यक्ष आचरणापेक्षा गाणे पुढे होते, म्हणूनच त्याचा दाखला देऊन हिशेब मागता आला. आणि आंबेडकरांनी १९४८ मध्ये ‘द अनटचेबल्स’ हा ग्रंथ नंदनार, रविदास आणि चोखामेळा यांच्या स्मृतीला अर्पण केला, हेही विसरून चालणार नाही.

आजची चंद्रभागा याच कसोटीवर पाहायला हवी. वारीच्या स्नानाला पाणी पुरेसे असेल की नाही हे आता बव्हंशी उजनी धरणातून सोडलेल्या विसर्गावर ठरते, तर आळंदीला इंद्रायणीवर कारखान्यांच्या आणि सांडपाण्याच्या फेसाचे थर तरंगतात. काठावरची गावे, शहरे आणि सरकार यांच्या निर्णयांनी नदीची स्थिती ठरते, ही गोष्ट संतांच्या काळी रूपकात होती, आज ती शब्दशः खरी आहे. कृष्णामाईच्या गाण्यातली तटस्थ नदी ऐकायला गोड आहे, पण तिच्याकडून आपल्याला कसलाच जाब विचारला जात नाही. वारकऱ्यांची नदी विचारते: घाटावर कोणाला मज्जाव आहे, पाणी कोणी नासवले, एकमेकांपुढे कोण वाकते आणि कोण ताठ उभा राहतो. नदीला शांतीचे प्रतीक म्हणण्याचा हक्क या प्रश्नांची उत्तरे देणाऱ्यांनाच पोचतो. बाकीच्यांसाठी ते केवळ चालीवर म्हणायचे गाणे आहे.