रिव्हॉल्व्हरची नळी का गंजे?

काळ्या दारूच्या काळात गोळीबारानंतर रिव्हॉल्व्हरची नळी गरम पाण्याने धूत, कोरडी करून तेल लावीत. 1884 मध्ये फ्रान्समध्ये पॉल व्हिएय यांनी धूरविरहित दारू शोधली. काजळी उरेना, म्हणून पाणी सुटले. नुसते तेल राहिले. तरी नळ्या गंजत. दोष नव्या दारूला दिला गेला.

1920 च्या सुमारास अमेरिकी रसायनशास्त्रज्ञ विल्बर्ट हफ यांनी खरे कारण दाखवले. काडतुसाच्या बुडाशी दारू पेटवणाऱ्या मिश्रणात पोटॅशियम क्लोरेट असे. ते ऑक्सिजन देऊन पोटॅशियम क्लोराइड बने. हा क्षार तेलाखाली तसाच राहून हवेतला ओलावा शोषी. उपाय जुनाच होता : गरम पाणी!

वर्गात चिमूटभर मीठ तेलात आणि पाण्यात ढवळून दाखवा. काजळीसाठी घातलेले पाणी क्षारही धुऊन नेत होते, हे मुलांना चटकन उमगेल.