मूळ कोणते, छाया कोणती?

मंडळात एका सायंकाळी ‘पाठलाग’ हा चित्रपट दाखविण्यात आला. खेळ रंगात आला असता, येथेच जन्मलेल्या व वाढलेल्या एका चिरंजीवांनी मोठ्याने शेरा मारला, “ही तर ‘मेरा साया’ची नक्कल!” वडीलधारी मंडळी हसली. आम्हांस मात्र हसू आले नाही. ‘पाठलाग’ १९६४ चा, ‘मेरा साया’ १९६६ चा; म्हणजे नक्कल कोणी कोणाची केली हे सांगावयास ज्योतिषी नको. तथापि दोष त्या मुलाचा नव्हे. राजा परांजपे हे नाव त्याच्या कानी घालण्याचे काम आम्हां मंडळींचे होते, आणि ते आम्ही केले नव्हते.

राजाभाऊंचा जन्म १९१० चा, मिरजेचा. बाबूराव पेंटरांच्या १९३६ मधील ‘सावकारी पाश’ या बोलपटात ते नट म्हणून पडद्यावर आले. दिग्दर्शक म्हणून त्यांचे नाव १९४८ साली ‘जिवाचा सखा’ने झाले. पुढे ग. दि. माडगूळकरांची लेखणी, सुधीर फडक्यांचे संगीत आणि राजाभाऊंचे दिग्दर्शन असा जो त्रिवेणी संगम झाला, त्याने मराठी बोलपटाला मध्यमवर्गीय घराचा उंबरठा दाखविला. १९५२ या एकाच वर्षी ‘लाखाची गोष्ट’ आणि ‘पेडगावचे शहाणे’ हे दोन चित्रपट आले, यावरून त्या काळच्या उमेदीची कल्पना यावी.

परंतु त्यांचे खरे सामर्थ्य आम्हांस ‘ऊन पाऊस’मध्ये (१९५४) दिसते. आयुष्यभर मुलांसाठी झिजलेला शाळामास्तर आणि त्याची पत्नी. उतारवयात मुलांनी आईबापांची वाटणी केली, एक इकडे तर एक तिकडे. सुमती गुप्ते यांच्यासमवेत तो वृद्ध राजाभाऊंनी स्वतः उभा केला, तेव्हा त्यांचे वय अवघे चव्वेचाळीस होते! कॅमेऱ्यामागे दिग्दर्शक आणि कॅमेऱ्यापुढे नट ही दुहेरी कसरत पुष्कळांनी केली. पण दिग्दर्शकाने नटाला पुढे पुढे करू द्यावयाचे नाही, हा संयम थोड्यांनाच साधला. याच कथेवर बी. आर. पंतुलू यांनी १९५८ मध्ये कन्नडात ‘स्कूल मास्टर’ काढला.

उसनवारी दोन्ही बाजूंनी झाली, हेही प्रामाणिकपणे नमूद केले पाहिजे. १९६० च्या ‘जगाच्या पाठीवर’मधील भटका नायक व अंध मुलगी (ही भूमिका सीमा यांची) पाहताना चॅप्लिनचा ‘सिटी लाइट्स’ आठवल्यावाचून राहत नाही. लाख रुपये मुदतीत उधळून दाखविण्याची कल्पनाही १९०२ च्या एका अमेरिकन कादंबरीशी मिळतीजुळती आहे. मात्र बीज कोठलेही असो, रोप पुण्याच्या मातीत रुजले, आणि त्यास पुण्याचाच वास आला.

‘पाठलाग’ तर जयंत देवकुळे यांच्या ‘आशा परत येते’ या कादंबरीवर आधारलेला. पत्नी वारली म्हणून शोक करणारा वकील, आणि मीच तुमची पत्नी असे न्यायालयात सांगणारी आरोपी स्त्री! काशीनाथ घाणेकर आणि भावना यांनी तो पेच शेवटपर्यंत सुटू दिला नाही. आदल्या वर्षीच्या ‘हा माझा मार्ग एकला’प्रमाणेच यासही राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. हिंदीत राज खोसला यांनी सुनील दत्त व साधना यांना घेऊन तो नव्याने केला, आणि चित्रण केले ते आमच्या या राजस्थानात, उदयपुरास. गंमत पाहा, त्या हिंदी चित्रपटाची पटकथा लिहिणारे ग. रा. कामतही मराठीच, आणि त्यांच्या पत्नी रेखा यांना प्रथम पडद्यावर आणले ते ‘लाखाची गोष्ट’ने!

आमच्या कचेरीतील उदयपूरचे एक सहकारी ‘मेरा साया’चा विषय निघाला की मोठ्या अभिमानाने आपल्या सरोवराचे वर्णन करतात. त्यांस आम्ही मूळ कथेची हकीकत सांगितली, तेव्हा त्यांनी शांतपणे विचारले, “तो आपण हमें पहले क्यों नहीं दिखाई?” त्यावर आम्ही निरुत्तर झालो.

९ फेब्रुवारी १९७९ रोजी राजाभाऊ निवर्तले. मंडळाच्या पुढील खेळास ‘ऊन पाऊस’ लावावयाचा असे कार्यकारिणीत ठरले आहे. त्या सहकाऱ्यांस सपत्नीक निमंत्रण दिले आहे, आणि शेरा मारणाऱ्या चिरंजीवांकडे प्रास्ताविकाचे काम सोपविले आहे.