आवाज मागे ठेवणारा संगीतकार : केशवराव भोळे

अमरावती म्हटलं की मोर्शी-वरुडकडच्या माणसाला अंबादेवी आठवते, हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ आठवतं, सुरेश भट आठवतात. केशवराव भोळे सहसा आठवत नाहीत. १८९६ साली अमरावतीत जन्मलेल्या या माणसाने ‘प्रभात’च्या ‘संत तुकाराम’ला संगीत दिलं. सिनेमा लोकांच्या लक्षात राहिला, संगीतकार मागे पडला. याचं एक कारण त्यांच्या संगीताच्या स्वभावातच आहे.

भोळे वैद्यकीचं शिक्षण सोडून संगीतात आले. संगीतकार म्हणून नाव होण्याआधी ते समीक्षक होते. ‘एकलव्य’ आणि ‘शुद्धसारंग’ या टोपणनावांनी त्यांनी गवयांवर लिहिलं. तो काळ संगीत नाटकाचा. लोक पदं ऐकायला जात, ‘वन्स मोअर’ घेत, आणि तेवढा वेळ कथानक थांबून राही. गाणं कितीही उत्तम असलं तरी नाटकाला ते कधी जड होतं, याचं भान भोळ्यांना श्रोता म्हणूनच आलेलं असणार.

१९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणलं. ब्यर्नसन या नॉर्वेजियन लेखकाच्या नाटकावरून श्री. वि. वर्तकांनी ते लिहिलं होतं. गाणी मोजकी, छोटी, प्रसंगात मुरलेली. संगीत भोळ्यांचं आणि गाणाऱ्या ज्योत्स्नाबाई, त्यांच्या पत्नी. मराठी भावगीताच्या वाटचालीत या गाण्यांना मानाचं स्थान आहे.

त्यानंतर भोळे पुण्याला ‘प्रभात’मध्ये गेले. ‘अमृतमंथन’ (१९३४) पासून त्यांनी पियानो, व्हायोलिन, हवाईयन गिटार अशी वाद्यं तिथल्या संगीतात आणली. म्हणजे नव्या वाद्यांचं त्यांना वावडं नव्हतं. पण हाताशी सगळं असताना काय वापरायचं नाही, हे ठरवणं अधिक कठीण. पुढच्या दोन चित्रपटांत ते दिसतं.

‘संत तुकाराम’ (१९३६) घ्या. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम साधं गातो. तोच अभंग सालोमालो स्वतःच्या नावावर खपवतो आणि नखऱ्याने, ठसक्याने गातो. शब्द तेच, पण गाण्याची तऱ्हा बदलली की खरा कोण आणि भोंदू कोण हे प्रेक्षकाला कुणी सांगावं लागत नाही. कार्तिकातल्या पहाटे काकड्याला बसणाऱ्या वऱ्हाडी माणसाला हा फरक लगेच कळेल. एकाने म्हणायचं, बाकीच्यांनी उचलायचं. तिथे आवाजाची कसरत करणारा वेगळा पडतो. याच चित्रपटासाठी शांताराम आठवल्यांनी लिहिलेला बीजावरचा अभंग अनेकांना तुकोबांचाच वाटला. त्याचं श्रेय कवीला आहेच; पण चालीने नवेपणा मिरवला असता तर तसं वाटलं नसतं. मुंबईत हा चित्रपट वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला.

त्याच वर्षी आला ‘कुंकू’. म्हाताऱ्या वकिलाशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा हे लग्न मानत नाही. व्ही. शांतारामांनी इथे पार्श्वसंगीत जवळजवळ टाळलं आणि दृश्यातल्याच आवाजांवर भर दिला. त्या घरातलं भिंतीवरचं घड्याळ म्हाताऱ्याच्या सरत्या वयाची आठवण देत राहतं. तिथे सारंगी रडवली असती तर नीरेची कीव आली असती. ती नसल्यामुळे आपल्याला तिचा संताप दिसतो. याच चित्रपटात शांता आपटे लाँगफेलोची इंग्रजी कविता गातात, म्हणजे मौनाशेजारी असं धाडसही आहे.

पुढे ‘माझा मुलगा’, ‘संत ज्ञानेश्वर’, ‘संत सखू’ असे चित्रपट झाले. ‘माझे संगीत’ या पुस्तकात भोळ्यांनी स्वतःच्या रचनांचाही समीक्षकाच्या डोळ्यांनी विचार केला.

गाजलेली चाल संगीतकाराचं नाव सोबत घेऊन फिरते. पात्राच्या तोंडी चपखल बसलेली चाल त्या पात्राची होते आणि पुढे लोकांची. भोळ्यांचं नाव मागे पडलं ते असं. त्यांच्या कामाची ती पावती असेलही, पण त्यामुळे विसरण्याचा दोष जात नाही. ‘संत तुकाराम’ पुन्हा पाहाल तेव्हा पागनीसांचा चेहरा पाहाच. आणि श्रेयनामावलीत अमरावतीच्या माणसाचं नाव आलं की तिथे क्षणभर थांबा.