दिनविशेष : ३० डिसेंबर

२०२२ : लातूरच्या रितेश देशमुख यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट ‘वेड’ आजच्या दिवशी प्रदर्शित झाला. सत्या नावाच्या खचलेल्या क्रिकेटपटूची भूमिकाही त्यांचीच. वडिलांच्या भूमिकेत अशोक सराफ, निर्मिती जिनिलिया देशमुख यांची. कथा तेलुगू ‘मजिली’वरून घेतली होती, तरी गर्दी इतकी उसळली की जानेवारीत वाढीव प्रसंग आणि गाणे घालून तो पुन्हा लावला गेला.

हिंदीतल्या विनोदी भूमिकांनी ओळखला जाणारा नट ४४व्या वर्षी कॅमेऱ्यामागे गेला, तोही मराठीसाठी, हे फार मोलाचे. घराण्याचे नाव पाठीशी होते, हे खरेच. पण तिकिटाचे पैसे प्रेक्षकांनी स्वतःच्या खिशातून मोजले. माहूर-किनवटकडे गॅदरिंगच्या नाटकात नाव काढणाऱ्या पोरांना नट, निर्माता, दिग्दर्शक अशा तिन्ही वाटा चालणारा मराठवाड्याचा माणूस आज समोर दिसतो.