गोंगाटात दडलेला संदेश

'हेवी मेटल' हे शब्द ऐकले की विज्ञानशिक्षकांच्या डोळ्यांसमोर शिसे, पारा आणि कॅडमियम उभे राहतात. वरच्या वर्गांतल्या काही मुलांना मात्र या शब्दांनी गिटार, ढोल आणि लांब केसांचे वादक आठवतात. हे संगीत शिक्षकांच्या खोलीपर्यंत पोहोचले तर त्यावर एकच शेरा पडतो : 'हा कसला गोंगाट!'

या लेखात आपण अशाच एका गोंगाटाचा इतिहास पाहणार आहोत. 'मेटॅलिका' या अमेरिकन बँडचे 'वन' हे गाणे आणि त्याचा व्हिडिओ १९८९ साली प्रसिद्ध झाला. त्याचा धागा पकडून मागे गेले की आपण पहिल्या महायुद्धाच्या इस्पितळात, तारायंत्राच्या टेबलापाशी आणि पुढे मेंदूविज्ञानाच्या प्रयोगशाळेत पोहोचतो. या सगळ्या ठिकाणी प्रश्न एकच आहे. समोरून येणारा आवाज म्हणजे नुसता गोंगाट आहे की कोणी आपल्याला काही सांगत आहे, हे ओळखायचे कसे?

गाणे आणि व्हिडिओ

मेटॅलिका या बँडची स्थापना १९८१ साली लॉस एंजेलिसमध्ये झाली. पहिल्या तीन अल्बमपर्यंत त्यांनी एकाही गाण्याचा व्हिडिओ केला नव्हता. दूरदर्शन संचावर सतत गाणी दाखवणाऱ्या एमटीव्ही वाहिनीचा तो भरभराटीचा काळ होता. गाणे विकायचे तर व्हिडिओ हवाच, असे समजले जाई. या रिवाजापासून ते जाणूनबुजून दूर राहिले होते. १९८८ साली त्यांचा चौथा अल्बम आला. त्यातले जेम्स हेटफिल्ड आणि लार्स उलरिक यांनी लिहिलेले 'वन' हे गाणे पुढच्या वर्षी 'सिंगल' म्हणून, म्हणजे एकट्या गाण्याची तबकडी म्हणून निघाले आणि त्यासाठी बँडने आपला पहिला व्हिडिओ केला. बिल पोप आणि मायकेल सॅलोमन हे त्याचे दिग्दर्शक. जानेवारी १९८९ मध्ये तो एमटीव्हीवर दाखवला गेला.

हा कृष्णधवल व्हिडिओ पाहताना प्रथम गोंधळ उडतो. रिकाम्या गोदामासारख्या जागेत चार वादक वाजवत आहेत. मधूनमधून एका जुन्या चित्रपटातली दृश्ये आणि संवाद येतात. इस्पितळाची खाट, तिच्यावर पांढऱ्या कापडाखाली एक आकृती, चेहऱ्याच्या जागी आवरण. ती आकृती डोके उशीवर आपटत राहते.

गाण्याची रचनाही लक्ष देण्याजोगी आहे. सुरुवात तोफा आणि गोळीबाराच्या आवाजांनी होते. मग गिटारचे स्वच्छ, संथ सूर येतात. हळूहळू तेच सूर खरखरीत होतात. ही खरखर 'डिस्टॉर्शन'ची. गिटारकडून येणारा विद्युत संकेत वर्धकाच्या कुवतीबाहेर वाढवला की तरंगाचे माथे आणि तळ छाटले जातात. गोलसर तरंग चपटा होतो आणि मूळ स्वरात नसलेल्या नव्या वारंवारता त्यात मिसळतात. ११० हर्ट्झचा शुद्ध तरंग दोन्ही बाजूंनी सारखाच छाटला, तर ३३०, ५५०, ७७० अशा विषम पटीतल्या वारंवारता निर्माण होतात. ध्वनी अभियंता याला दोष म्हणेल. हेवी मेटलवाल्यांनी या दोषाचीच भाषा केली. 'वन'च्या उत्तरार्धात गिटार आणि दोन्ही पायांनी वाजवला जाणारा मोठा ढोल एकदमच तुटक, वेगवान ठोके देऊ लागतात. ऐकणाऱ्याला मशीनगनची आठवण होते. गाण्याची सुरुवात आणि शेवट यांतला हा फरक कथेतूनच आलेला आहे.

खाटेवरचा जो

व्हिडिओत दिसणारा चित्रपट म्हणजे 'जॉनी गॉट हिज गन' (१९७१). डाल्टन ट्रम्बो या लेखकाने आपल्याच कादंबरीवरून तो दिग्दर्शित केला होता. कान महोत्सवात त्याला परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले. मूळ कादंबरी सप्टेंबर १९३९ मध्ये, म्हणजे दुसरे महायुद्ध सुरू झाले त्याच महिन्यात प्रसिद्ध झाली होती.

कथा पहिल्या महायुद्धातली आहे. जो बोनहॅम हा तरुण अमेरिकन सैनिक तोफगोळ्याने जखमी होतो. शुद्धीवर येतो तेव्हा त्याला एकेक करून उमगत जाते की आपले हात नाहीत, पाय नाहीत, आणि डोळे, कान, नाक, जीभही उरलेली नाही. मेंदू मात्र शाबूत आहे. डॉक्टरांची समजूत अशी की हा देह जगतो आहे, पण त्यात जाणीव उरलेली नाही.

शिक्षकांनी मुद्दाम वाचावा असा भाग यानंतर येतो. जोला प्रथम वेळ मोजायची आहे. घड्याळ नाही, उजेड दिसत नाही, घंटा ऐकू येत नाही. उरली आहे ती त्वचा. परिचारिका खोलीत शिरल्याची कंपने त्याला खाटेतून जाणवतात. दिवस उजाडताना हवेतला गारवा कमी होतो, हे उघड्या त्वचेला कळते. दोन पहाटांमध्ये परिचारिका किती वेळा येते हे तो मोजतो, चुकतो, पुन्हा मोजतो आणि अखेर स्वतःची दिनदर्शिका तयार करतो. पावलांच्या कंपनांवरून कोणती परिचारिका आली हेही तो ओळखू लागतो. निरीक्षण, तर्क, पडताळा आणि चुकीची दुरुस्ती ही वैज्ञानिक पद्धतीची सारी अंगे इथे आहेत, तीही एकाच ज्ञानेंद्रियाच्या आधारावर.

मग त्याला लहानपणी शिकलेली मोर्स लिपी आठवते. तो डोके उशीवर आपटून अक्षरे पाठवू लागतो. पाहणाऱ्यांना वाटते, हे झटके आहेत. ते त्याला गुंगीचे औषध देतात. तो संदेश पाठवत राहतो आणि ते त्यावर उपचार करत राहतात. चित्रपटात एक नवी परिचारिका बोटाने त्याच्या छातीवर अक्षरे रेखून नाताळच्या शुभेच्छा देते. बाहेरच्या जगाकडून इतक्या काळानंतर त्याला आलेला हा पहिला शब्द. शेवटी त्याचे ठोके म्हणजे मोर्स आहे हे ओळखले जाते. पण त्याची मागणी लष्कराला मान्य होत नाही आणि दार पुन्हा बंद होते.

असे जगणे शक्य होते का?

इतक्या साऱ्या जखमा एकाच देहावर, ही लेखकाची कल्पना आहे. पण ती हवेतून आलेली नाही. पहिल्या महायुद्धात सर्वाधिक बळी तोफखान्याने घेतले. त्याच युद्धात जखमींना वाचवण्याचे शास्त्रही झपाट्याने पुढे गेले. सोडियम सायट्रेट मिसळले की रक्त गोठत नाही, हे १९१४-१५ च्या सुमारास कळले आणि १९१७ मध्ये फ्रान्समधील आघाडीजवळ साठवलेले रक्त जखमींना दिले जाऊ लागले. सोडियम हायपोक्लोराइटच्या सौम्य द्रावणाने जखमा धुण्याची कॅरेल-डेकिन पद्धत आली. मोडलेली मांडी ताणून धरणाऱ्या थॉमस पट्टीमुळे असंख्य सैनिक वाचले. कॅनडाचा कर्ली ख्रिश्चन हा सैनिक एप्रिल १९१७ मधील विमी रिजच्या लढाईत जखमी झाला. त्याचे दोन्ही हात आणि दोन्ही पाय कापावे लागले. तरी तो जगला आणि त्याने पुढे संसारही केला.

म्हणजे वैद्यकाने देह वाचवण्याची कला साधली होती. वाचलेल्या माणसाचे म्हणणे ऐकण्याची साधने मात्र त्या मानाने मागे होती. ट्रम्बोची कादंबरी नेमके या फटीवर बोट ठेवते.

लेखकाच्या वाट्यालाही आवाज बंद होण्याचे दुःख आले. अमेरिकेतील कम्युनिस्टविरोधी चौकशीत १९४७ साली उत्तरे देण्यास नकार दिल्याबद्दल ट्रम्बोला १९५० मध्ये तुरुंगात जावे लागले. हॉलिवूडने त्याला काळ्या यादीत टाकले. पुढची कित्येक वर्षे त्याने दुसऱ्यांच्या आणि खोट्या नावांनी पटकथा लिहिल्या. त्यांतल्या दोन कथांना ऑस्करही मिळाले. पडद्यावर त्याचे नाव पुन्हा झळकले ते १९६० साली. 'वन'चा व्हिडिओ निघण्यापूर्वीच, १९७६ मध्ये, त्याचे निधन झाले होते.

टिंब आणि रेघ

जोने वापरलेली लिपी मुळात तारायंत्रासाठी तयार झाली. सॅम्युएल मोर्स आणि आल्फ्रेड व्हेल यांच्या यंत्रावरून मे १८४४ मध्ये वॉशिंग्टन ते बाल्टिमोर असा संदेश गेला. पुढे सुधारलेल्या आंतरराष्ट्रीय मोर्सचे नियम सोपे आहेत. रेघ टिंबाच्या तिप्पट लांब. दोन अक्षरांमध्ये तीन टिंबांइतकी शांतता, दोन शब्दांमध्ये सात. इंग्रजीत सर्वाधिक येणाऱ्या 'ई' या अक्षराला एकच टिंब, क्वचित येणाऱ्यांना लांब खुणा. तीन टिंबे, तीन रेघा, तीन टिंबे ही संकटाची खूण १९०८ पासून आंतरराष्ट्रीय नियम म्हणून लागू झाली. 'एसओएस' ही कोणत्याही शब्दांची आद्याक्षरे नाहीत. चटकन ओळखू यावी म्हणून ती खूण निवडली गेली.

मोर्स लिपीने एक खोल गोष्ट दाखवून दिली. संपूर्ण भाषा वाहून नेण्यासाठी केवळ दोन वेगळ्या अवस्था पुरेशा असतात. वीज आहे किंवा नाही, उजेड आहे किंवा नाही, डोके वर आहे किंवा खाली. अट एकच : पलीकडच्याला संकेत ठाऊक हवा. तो ठाऊक नसेल तर टिंबे-रेघा म्हणजे निव्वळ खडखडाट. आपल्याकडच्या तारघरात तारमास्तरांना कडकट्ट आवाजातून जन्म-मृत्यूच्या बातम्या ऐकू येत, आणि बाकावर बसलेल्या गिऱ्हाइकाला फक्त कडकट्ट. भारतातील तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली, पण हा धडा जुना झालेला नाही.

कथेबाहेरचे जो

जेरेमाया डेंटन हा अमेरिकन वैमानिक १९६५ मध्ये उत्तर व्हिएतनाममध्ये पकडला गेला. १९६६ साली त्याला प्रचारासाठी दूरचित्रवाणीच्या कॅमेऱ्यासमोर बसवण्यात आले. प्रखर दिव्यांचा त्रास होत असल्यासारखी तो पापण्यांची उघडझाप करत राहिला. त्या उघडझापीत मोर्समधला एक शब्द होता : छळ. पकडणाऱ्यांना ते कळले नाही. अमेरिकन नौदलाच्या हेरखात्याला कळले.

दुसरे उदाहरण इस्पितळातले आहे. वाहन अपघातानंतर एक तरुणी महिनोन्‌महिने कोणताही प्रतिसाद देत नव्हती. ब्रिटनमधील एड्रियन ओवेन आणि सहकाऱ्यांनी तिला मेंदूचे कार्य दाखवणाऱ्या एमआरआय यंत्रात ठेवून सांगितले, 'आपण टेनिस खेळतो आहोत अशी कल्पना कर.' निरोगी माणसाच्या मेंदूचा हालचाली योजणारा जो भाग अशा वेळी जागा होतो, तोच तिच्याही मेंदूत जागा झाला. 'आपल्या घरातून फिरते आहेस असे समज' म्हटल्यावर दुसरे भाग जागे झाले. हे संशोधन २००६ साली प्रसिद्ध झाले. २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात, सांगितलेल्या गोष्टीला बाहेरून काहीच प्रतिसाद न देणाऱ्या २४१ रुग्णांची अशी तपासणी झाली. त्यांपैकी ६० जण, म्हणजे चौघांतला एक, सूचना मनातल्या मनात पाळत असल्याच्या खुणा मिळाल्या.

या सर्वांच्या खाटेजवळून डॉक्टर, परिचारिका, नातेवाईक रोज ये-जा करत होते. त्यांत दुष्ट कोणी नव्हते. त्यांच्याजवळ विचारण्याची रीत नव्हती, एवढेच.

वर्गात करून पाहण्यासाठी

मोर्स बाकावर ठोकून पाठवायला गेलात तर अडचण येते. ठोक्याला लांबी नसते, मग रेघ दाखवायची कशी? व्हिएतनाममधल्या कैद्यांनी भिंतीवर ठोकताना अक्षरांचा ५ × ५ चौकोन वापरला. आधी ओळीचा क्रमांक, मग रकान्याचा. इंग्रजीची २६ अक्षरे त्यात बसवताना त्यांना एक अक्षर गाळावे लागले. आपल्या वर्णमालेत हा चौकोन तयारच आहे : क, च, ट, त, प हे पाच वर्ग आणि प्रत्येकात पाच व्यंजने. 'ग' म्हणजे १-३, 'ट' म्हणजे ३-१. उरलेल्या व्यंजनांची आणि स्वरांची सोय कशी करायची, हे मुलांवर सोपवावे. त्यावर चांगला वाद रंगेल.

सुरुवातीला एकच शब्द घ्या : मदत. ५-५, ४-३, ४-१. एकूण बावीस ठोके. अर्ध्या वर्गाला संकेत सांगा, अर्ध्याला सांगू नका, आणि एका मुलाला मागच्या बाकावरून हा शब्द ठोकत राहायला सांगा. संकेत माहीत नसलेली मुले काय म्हणतात ते टिपून ठेवा. बहुधा 'गप्प बस' असेच म्हणतील.

'वन' या गाण्याला १९९० साली ग्रॅमी पारितोषिक मिळाले. 'मेटल' गायन-वादनासाठी स्वतंत्रपणे दिले गेलेले ते पहिलेच पारितोषिक होते. ते गाणे आपल्याला आवडलेच पाहिजे असे नाही. पण त्यातल्या खाटेवरच्या माणसाला ज्यांनी गुंगीचे औषध दिले, तेही आपल्यासारखेच कामाच्या घाईत होते. मागच्या बाकावरून उद्या ठक ठक ऐकू आली, तर गप्प करण्याआधी क्षणभर थांबून ठोके मोजून पाहायला हरकत नाही.