शेजारघरची चित्रवाणी

ठाण्याहून घोडबंदरच्या रस्त्याला लागलें म्हणजे दैनंदिन मराठी मालिका जेथें तयार होतात अशीं आवारें लागतात. भिंतींवरून आंतलें कांहीं दिसत नाहीं. पण तेथें उभ्या केलेल्या दिवाणखान्यांत व देवघरांत रोज नवीन भाग तयार होतो, आणि तो पाहून झाल्यावर दुसऱ्या दिवशीं त्याचें स्मरण फारसें कोणास राहत नाहीं. या कारखानदारीचा निषेध करण्याचा आमचा हेतु नाहीं. तीवर कित्येक कुटुंबांचा चरितार्थ चालतो. परंतु हा धंदा भरभराटीस येण्यापूर्वीं चित्रवाणीवर नाटक करणें म्हणजे काय होतें, हें ज्यास जाणावयाचें असेल त्यानें सई परांजपे यांच्या कारकीर्दीकडे पाहावें. त्यांच्या चित्रपटांची कीर्ति इतकी झाली आहे कीं, त्यांची लेखणी कोठें घडली हें बहुतेकांच्या ध्यानींच येत नाहीं.

सईबाईंचा जन्म १९३८ सालचा. आजोबा रँग्लर परांजपे. आई शकुंतलाबाई, ज्यांना जुने रसिक प्रभातच्या ‘कुंकू’मुळें व समाजकार्यकर्ते संततिनियमनाच्या प्रचारामुळें ओळखतात. अशा घरांत मुलीच्या हातीं लेखणी लवकर आली यांत नवल नाहीं. आठव्या वर्षीं ‘मुलांचा मेवा’ हें त्यांचें पुस्तक प्रसिद्ध झालें. आजोबा ऑस्ट्रेलियांत हिंदुस्थानचे हायकमिशनर असल्यामुळें बालपणाचा कांहीं काळ तिकडे गेला. पुढें पुण्याच्या आकाशवाणीवर निवेदनाचें व मुलांच्या कार्यक्रमांचें काम, आणि मग दिल्लीचें राष्ट्रीय नाट्य विद्यालय. इब्राहिम अल्काझी यांच्या कडक शिस्तींतून त्या १९६३ सालीं बाहेर पडल्या. कान आकाशवाणीनें तयार केला आणि डोळा अल्काझींनीं, असें म्हटल्यास वावगें होणार नाहीं.

चित्रवाणी त्या वेळीं अगदींच बाल्यावस्थेंत होती. १५ सप्टेंबर १९५९ रोजीं दिल्लींत तिचा प्रायोगिक आरंभ झाला. तिच्या पहिल्या निर्मात्यांत आपले पु. ल. देशपांडे होते, हें मराठी वाचकांस सांगावयास नकोच. स्टुडिओ लहान, पैसा तुटपुंजा. गर्दी दाखवावयाची सोय नाहीं कीं डोंगरदऱ्या दाखवावयाची नाहीं. राहतां राहिलीं दोन साधनें : माणसाचा चेहरा आणि त्याचें बोलणें. ही उणीव अनेक निर्मात्यांस जाचली असेल. सईबाईंच्या ती पथ्यावर पडली असें आमचें मत आहे. ‘द लिटल टी शॉप’ या नांवाची त्यांची चित्रवाणी-कृति १९७२ सालीं तेहरान येथें आशियाई प्रसारण संघाच्या पारितोषिकास पात्र ठरली. चहाचें एक लहानसें दुकान, एवढेंच तें विश्व! त्याच वर्षीं २ ऑक्टोबरला मुंबई केंद्र सुरू झालें, त्याच्या उद्घाटनाच्या कार्यक्रमाची निर्मिति करण्यासाठीं त्यांचीच निवड झाली.

या मुंबई केंद्राचा प्रेक्षक कोण होता? गिरगांव-दादरच्या चाळींतून जागेच्या टंचाईमुळें उठून ठाणें, डोंबिवली, कल्याण येथें दोन खोल्यांचा ब्लॉक घेणारा पांढरपेशा नोकरदार हा त्यांतला मोठा भाग होता. चित्रवाणीचा संच मजल्यावर एखाद्याच घरीं असे, आणि संध्याकाळीं त्या घराचें दार शेजाऱ्यांस उघडें ठेवावें लागे. जमिनीवर मुलें, खुर्चीवर आजोबा, दाराच्या चौकटींत संकोचून उभी राहिलेली पलीकडची वहिनी! यजमानांची जेवणाची वेळ टळे, पण तक्रार करणार कोण? नाटक शेजाऱ्यांच्या सोबतीनें पाहणाऱ्या या मंडळीस शेजाऱ्यांचेंच नाटक दाखवावें, ही गोष्ट सईबाईंस जितकी उमगली तितकी दुसऱ्या क्वचितच कोणास उमगली असेल. त्यांच्या कृतींचीं नांवेंच पाहावीं : चित्रवाणीवर ‘अडोस पडोस’, रंगभूमीवर ‘सख्खे शेजारी’. श. गो. साठे यांच्या ‘ससा आणि कासव’ या नाटकावरून त्यांनीं १९८३ सालीं केलेला ‘कथा’ हा चित्रपटही चाळींतलाच. आणि त्यांतील कासव म्हणजे आपल्यापैकींच एक भिडस्त कारकून.

‘चष्मेबद्दूर’चें उदाहरण तर फारच बोलकें आहे. १९८१ सालचा हा चित्रपट आधीं ‘धुआँ धुआँ’ या नांवानें चित्रवाणीसाठीं झालेला होता. तीन रिकामटेकडे मित्र, एक भाड्याची खोली, सिगारेटींचा धूर, आणि धुण्याची पावडर विकावयास दारीं आलेली मुलगी. मोठ्या पडद्यावर जातांना त्यांत गाणीं आलीं, दिल्लीच्या बागा आल्या. पण आराखडा त्या लहान पडद्याचाच राहिला. ‘स्पर्श’मध्येंही तेंच. अंधशाळेचा अंध मुख्याध्यापक आपली कीव करूं देत नाहीं, एवढ्या एका हट्टावर सारा चित्रपट उभा आहे. पटकथेचें राष्ट्रीय पारितोषिक त्यास मिळालें तें योग्यच होतें. याउलट गिरणी-कामगारांवरील ‘दिशा’ (१९९०) हा अभ्यासपूर्ण आणि प्रामाणिक असूनही आम्हांस थोडा पसरट वाटतो. पट मोठा झाला कीं त्यांची नेमकी नजर जराशी विखुरते, असें आमचें निरीक्षण आहे. इतरांचें निराळें असूं शकेल.

१९८४ हें वर्ष मात्र नीट ध्यानांत ठेवण्यासारखें आहे. त्याच वर्षीं ‘अडोस पडोस’ आली, आणि त्याच वर्षीं ७ जुलैला ‘हम लोग’ सुरू होऊन १५६ भागांपर्यंत लांबली. येथें वाट फुटली. एक वाट गोष्ट सांगून संपविण्याची, दुसरी ती न संपविण्याची. १९९९ सालीं अल्फा मराठी वाहिनी निघाली, ‘आभाळमाया’ गाजली, आणि दुसऱ्या वाटेचा हमरस्ता झाला. घोडबंदरचीं तीं आवारें याच हमरस्त्यावर आहेत. ‘आभाळमाया’ आम्हींही आवडीनें पाहिली हें कबूल केलें पाहिजे. परंतु एका बैठकींत आरंभ, मध्य आणि शेवट असलेलें चित्रवाणी-नाटक त्यानंतर मागें पडलें तें पडलेंच.

त्यांतून आणखी एक संकट. आरंभीच्या काळांत ध्वनिचित्रफीत महाग. एक कार्यक्रम पुसून तिच्यावर दुसरा घेण्याची रीत दूरदर्शनमध्यें होती. ‘चिमणराव’सारख्या लोकप्रिय मालिकेचे बरेचसे भाग असे नाहींसे झाले. ज्या घरांत संच नव्हता त्यांनीं शेजारीं जाऊन पाहिलेलें चिमणरावांचें घर आतां त्या शेजाऱ्यांच्या आठवणींतच शिल्लक आहे. चित्रपटाच्या फितीचें नशीब बरें. ‘चष्मेबद्दूर’ची दुरुस्त केलेली प्रत ५ एप्रिल २०१३ रोजीं, त्याच कथेच्या नव्या भडक आवृत्तीबरोबर एकाच दिवशीं, चित्रपटगृहांत पुन्हां लागली, आणि ‘धुआँ धुआँ’तले ते तीन मित्र, पावडरीचा फेस आणि खोलींतला तो धूर, बत्तीस वर्षांनीं तिकीट काढून पाहावयास मिळाला.