तळटीप : क्लेक्स महाशयांची अकादमी
* मूळ कथा यान ब्झेख्वा (१८९८–१९६६) यांची. पेशाने ते वकील, तेही लेखनहक्काच्या कायद्यातले जाणकार. त्रयीतले हे पहिले पुस्तक १९४६ साली, युद्धाने उद्ध्वस्त झालेल्या पोलंडमध्ये निघाले. पुढचे दोन भाग १९६१ व १९६५ मध्ये आले. अकादमीत फक्त ‘अ’ने सुरू होणाऱ्या नावांचीच मुले घेतात. त्यांच्यासोबत मातेउश नावाचा साळुंकीसारखा बोलका स्टार्लिंग पक्षी वावरतो, तो मुळात एक शापित राजपुत्र. मजकुरात उल्लेखिलेला चित्रपट क्शिश्टोफ ग्रादोव्स्की यांचा, १९८४ चा. त्यात पिओत्र फ्रोन्चेव्स्की क्लेक्स झाले. लांडग्यांच्या कूचगीताला चक्क हेवी मेटल संगीत आहे आणि त्या पिढीतली कित्येक पोलिश मुले ते पाहून घाबरली. आमच्या मते चित्रपटाचा तोच सर्वांत जिवंत भाग. मात्सेइ कावुल्स्की यांच्या २०२४ च्या आवृत्तीशी याची गल्लत करू नये : तिथे क्लेक्स तोमाश कोत आहेत, नायक आदाशच्या जागी आदा नावाची मुलगी येते आणि फ्रोन्चेव्स्की वेगळ्याच भूमिकेत दिसतात. पुढील पानांवरचे सर्व उल्लेख १९८४ च्या चित्रपटाचेच समजावेत. — संपा.